हिंदुराव पैलवानाची पाठ

आण्णांचा आवाज कानाशी घेऊन मी आडवी होते. आवाज म्हणजे मोबाईलमधला. आण्णा, म्हणजे माझे सासरे, जाऊन हा दुसरा उन्हाळा. चैत्राची दुपार आहे, मधल्या खोलीची फरशी मी आत्ताच पुसून घेतली आहे आणि तिचा गारवा पाठीला लागतो आहे. पंखा फिरतो आहे, पण वारं म्हणावं असं त्यातून काही येत नाही. डोळे मिटायचे नाहीत असं मी स्वतःला बजावते, कारण ऊन उतरलं की धैर्यशील पाथरवटाला घेऊन येणार आहे आणि माझा मजकूर अजून अर्धाच आहे.

मजकूर कसला ते सांगते. उद्या आमच्या तांबूळगावची जत्रा. तालमीच्या दारात हिंदुराव थोरवत पैलवानांच्या नावाचा दगड बसणार आहे. हिंदुराव पैलवान म्हणजे आमच्या गावचं दुसरं ग्रामदैवत. एका जत्रेत त्यांनी सीमेपलीकडच्या नावाजलेल्या कानडी पैलवानाला चीत केलं आणि त्या कुस्तीनंतर, ऐन भरात असताना, लंगोट उतरवून ठेवला. पुन्हा आखाड्यात उतरले नाहीत. तालीम काढली, पोरं घडवली, म्हातारे होऊन गेले. ही कुस्ती गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. धैर्यशील त्यांचा नातू, दगड त्यानंच आणला आहे.

आणि दगडावर काय कोरायचं ते मी ठरवायचं. जुन्या कुस्तीचं काही विचारायचं झालं की गावात 'मालनकाकूंकडं जा' म्हणतात. गंमत बघा, मी उभ्या जन्मात एक कुस्ती पाहिलेली नाही. बाईमाणसानं मैदानात पाय ठेवायचा नाही ही आमच्याकडची रीत. पण आण्णा एकही मैदान चुकवायचे नाहीत. डोक्याला पटका, खांद्याला तांबड्या पट्ट्यांचा टॉवेल, की निघाले. परत आले की चुलीशेजारी बसून, मी भाकऱ्या थापत असताना, सगळ्या कुस्त्या मला सांगायचे. नुसत्या सांगायचे नाहीत, लाटणं आडवं धरून, परात पालथी घालून दाखवायचे. कोण खाली गेला, कुणाचा पाय कुणाच्या पायात होता, ढाक कशी लागली, घिस्सा कसा ओढला. सासूबाई म्हणायच्या, ह्या घरात भाकरीपेक्षा कुस्तीच जास्त भाजते.

पुढे मोबाईल आला तसे मी आण्णांसारखे आणखी म्हातारे गाठले आणि त्यांना बोलतं केलं. मला एक गोष्ट फार खुपते. पैलवानाचं नाव राहतं, इनाम देणाऱ्याचं राहतं, पंचांचं राहतं. सकाळपासून उन्हात बसून, घसा फोडून, डोळ्यांत तेल घालून ज्यांनी ते सगळं पाहिलं आणि घरोघर नेलं, त्या बघ्यांचं नाव कुठंच नाही. म्हणून मी हट्टाला पेटले. दगडाच्या शेवटी एक ओळ हवीच: 'डोळ्यांनी पाहणारे, केरबा धोंडी चौगुले'. म्हणजे आमचे आण्णा.

"काकू, बघ्याचं नाव कधी दगडावर घालत्यात का?" धैर्यशील म्हणाला.

"बघे नसते तर तुझ्या आज्याची कुस्ती ओढ्यात झाल्यासारखीच होती," मी म्हणाले, "घाल मुकाट्यानं."

अडलंय ते दोन ठिकाणी. त्या कानडी पैलवानाचं नाव कुणालाच आठवत नाही. आण्णांना कितीदा विचारलं, दर वेळी 'इसरलो बघ' म्हणायचे. आणि दुसरं, कुस्ती कोणत्या डावावर झाली? दगडावर डाव हवा, त्याशिवाय ते भाकड दिसतं. धैर्यशील म्हणतो, "घाला ढाक न्हाईतर घिस्सा, कोण बघाय येतंय?" मला ते पटत नाही. म्हणून आण्णांचं बोलणं मी पुन्हा पुन्हा ऐकते आहे. बाकीच्या प्रत्येक कुस्तीत आण्णा बोटाबोटाचा हिशेब देतात. ह्या एकाच कुस्तीत नाही. मोबाईलमध्ये त्यांचा आवाज म्हणतो, "धरला, फिरीवला, पाडला. मी म्होरंच हुतो. डोळ्यानं बघितलं. बास, बंद कर ते." आणि तिथं ते संपतं.

मी परत लावते. धरला, फिरीवला, पाडला. परत लावते. पंख्याचा आवाज लांब जातो. मी म्होरंच हुतो. डोळ्यानं बघितलं. बास, बंद कर ते.

मग थोडा वेळ काहीच नाही. मग मोबाईलमधून आण्णा विचारतात, "केलंस का बंद?"

"नाही," मी म्हणते.

"मग ऊठ. जागा धरलीया."

आण्णा मागच्या दारात उभे आहेत. शेवटी होते तेवढेच म्हातारे, पण काठी नाही. खांद्यावर तोच तांबड्या पट्ट्यांचा टॉवेल आहे. तळहातावर तंबाखू मळणं चाललंय.

"आण्णा, तुम्ही तर गेलात," मी म्हणते.

"गेलो की. मैदानाला गेलतो. अजून सुटलं न्हाई."

हे मला अगदी रास्त वाटतं. मी पदर सावरते आणि त्यांच्या मागून दारातून बाहेर पडते. मागच्या दाराबाहेर आमची पाण्याची टाकी असायला हवी, धुण्याचा दगड असायला हवा. तिथं मैदान आहे. जमीन खोलगट होत गेली आहे आणि चारी अंगांनी माणूस नुसता दाटीवाटीनं बसला आहे. पटके, टोप्या, फेटे. खाली मधोमध तांबडी माती. हलगी कडाडते आहे, घुमकं वाजतं आहे. माझा जीव एवढासा होतो. इतक्या बाप्यांत मी एकटी बाई. पण कुणी माझ्याकडे वळूनही पाहत नाही, आणि आण्णा तर 'सरका की वाईच, सूनबाई हाय माझी' म्हणत सरळ पुढं चालले आहेत.

अगदी पुढच्या रांगेत जागा आहे. त्यांनी टॉवेल टाकून धरून ठेवलेली. खांद्यावरचा टॉवेल तिथं कसा, हे मी विचारत नाही. आण्णा तो उचलतात, झटकतात आणि माझ्या पाठीवर घालतात.

"ऊन हाय. पाठीवर घे."

मी बसते. मला हसू येतं. एवढी वर्षं परातीवर आणि लाटण्यावर पाहिलेलं मैदान हे असं आहे होय! मातीचा वास येतो. ताक, हळद, लिंबू, कापूर. आण्णांनी सांगितलेला एकेक जिन्नस मला वासात ओळखू येतो. शेंगदाणेवाला पुड्या विकत फिरतो आहे, आणि तो ज्या चुलीवर शेंगदाणे भाजतो आहे ती माझी चूल आहे. परातही माझीच. मी त्याला काही बोलत नाही. आण्णा पुडी घेऊन माझ्या ओंजळीत रिकामी करतात.

समोरच्या अंगाला पंचांचा मांडव आहे. म्हणजे एस.टी. स्टँडची शेडच आहे ती, पाटीसकट, पण आत पंच बसले आहेत.

"आण्णा, तुम्ही तर म्हणायचात मी पुढं होतो. पंच तर पलीकडं आहेत."

"म्होरंच की. पण हिकडनं म्होरं."

सलामी होते. हिंदुराव पैलवानांना मी म्हातारपणी पाहिलं होतं, तालमीच्या कट्ट्यावर घोंगडी पांघरून बसलेले, भर उन्हाळ्यातसुद्धा घोंगडी. इथं ते धैर्यशीलच्या वयाचे आहेत आणि थेट त्याच्यासारखे दिसतात. दुसरा पैलवान काळासावळा, ठेंगणा, रुंद. कर्ण्यातून पुकारा होतो. आमच्या पैलवानाचं नाव गावाच्या नावासकट खणखणीत ऐकू येतं. दुसऱ्याचं नाव घ्यायला लागतात तोच हलगीवाला हलगी चढवतो आणि नाव तिच्यात बुडून जातं.

"काय नाव म्हणाले?" मी मागं वळून विचारते.

"कुणाला पायजे ते?" मागचा माणूस म्हणतो आणि शेंगांची टरफलं थुंकतो.

कुस्ती लागते. मला वाटलं होतं सगळं परातीवरच्यासारखं दिसेल, कळेल. पण किती हळू असतं हो ते. दोघं मानेला मान लावून उभेच आहेत. ऊन खाली चाललं आहे. मैदानातल्या सगळ्यांनी श्वास धरून ठेवला आहे, मीही. मग एकदम हिंदुराव खाली जातात आणि कानडी पैलवान वर. आता आमचा उलटा डाव टाकणार, मी मनात म्हणते. आता फिरवणार. मला शेवट माहीत आहे ना.

कानडी पैलवान घिस्सा ओढतो.

आणि हिंदुराव पैलवान पलटतात आणि त्यांची पाठ मातीला लागते. अगदी आमच्या डोळ्यांपुढं. खांद्यांचे दोन्ही फरे, पुरते. तो वरून दाबून धरतो आणि मनातल्या मनात 'लागली, पाठ लागली' म्हणता येईल इतका वेळ ती पाठ मातीतच राहते.

माझ्या ओंजळीतले शेंगदाणे खाली पडतात.

"आण्णा! उलटं झालं हे! आण्णा, हे उलटं झालं!"

"गप," आण्णा म्हणतात. माझ्याकडे न बघता.

मैदान फुटतं. सगळ्या अंगांनी माणूस आत घुसतो, धुरळा उठतो, समोरचे पंच दिसेनासे होतात. आमच्या गावची तरणी पोरं सगळ्यांत आधी पोचतात आणि हिंदुरावांना खांद्यावर उचलतात. जिंकला त्याला खांद्यावर घ्यायचं, ही तर कुस्तीची रीत. म्हणजे खांद्यावर आहे तो जिंकला. धुरळ्यापलीकडून लोकांना तेवढंच दिसतं आणि एकच गलका होतो. पटके उडतात. शिंग फुंकलं जातं. पोरं त्यांचं तोंड मांडवाकडं करून उभी आहेत. मांडवाला हिंदुरावांची छाती दिसते आहे. स्वच्छ छाती.

आमच्याकडं पाठ आहे. तिच्यावर घामात कालवलेली तांबडी माती, दोन्ही फऱ्यांवर, कंबरेपर्यंत. आमच्या अंगाला बसलेले सगळे ती पाहत आहेत. कुणीही बोलत नाही. शेंगदाणेवालासुद्धा थांबला आहे.

आता कुणीतरी बोलेल, मला वाटतं. आण्णा बोलतील. आण्णा उठतात. माझ्या पाठीवरचा टॉवेल ओढून घेतात आणि तरातरा खाली उतरतात. मी त्यांच्या मागं धावायला बघते, पण पाय उचलत नाहीत. आण्णा चालता चालता तरुण होतात. मिशा काळ्या, पाठ ताठ. खांद्यांवरच्या हिंदुरावांच्या मागं जाऊन ते हात वर करतात आणि टॉवेलानं पाठ पुसतात. न्हाऊ घातलेल्या पोराला पुसावं तशी, नीट, वरून खाली, कडेपर्यंत. कुणीतरी वरून गुलाल उधळतो. झालं. आता नुसता गुलाल आहे.

हिंदुराव मान वळवून मागं पाहतात. आण्णांना पाहतात. त्या तोंडावर जिंकल्याचं काही नाही. भ्यालेलं तोंड आहे ते, बाजारात आईचा हात सुटलेल्या पोराचं असतं तसं. मग पोरं त्यांना मांडवाकडं घेऊन जातात आणि पंच त्यांचा हात वर करतात.

आण्णा परत येतात. पुन्हा म्हातारे. टॉवेल माझ्या पाठीवर घालतात. तो ओला आहे, जड आहे.

"काय केलंत?" मी विचारते.

"पुसली."

खाली मातीत तो कानडी पैलवान एकटा उभा आहे. तो काहीतरी सांगतो आहे, त्याच्या भाषेत, मोठमोठ्यानं. कुणाला कळत नाही. मग तो बोलायचा थांबतो आणि आमच्याकडं पाठ करतो. स्वच्छ पाठ, मातीचा कण नाही. थोडा वेळ तसाच उभा राहतो, मग जरा सरकतो आणि पुढच्या माणसांना पाठ दाखवतो. मग त्यापुढच्यांना. असा गोल फिरतो तो सगळ्या मैदानाला, बघा म्हणून, फक्त बघा म्हणून. लोक शिट्ट्या मारतात. हसतात. पोरं त्याच्यावर टरफलं फेकतात. मला ओरडायचं आहे, मी बघितलं रे बाबा, मी बघितलं. दातखीळ बसावी तसं झालं आहे माझं.

तो कानडी पैलवान आता माझ्या स्वयंपाकघरात पाटावर बसला आहे. अंगात सदरा नाही, माझ्याकडं पाठ आहे. मी भाकरी थापते आहे. हात चालत आहेत, ते माझे नाहीत असं वाटतं. भाकरी भाजून मी त्याच्या बाजूनं ताटात सरकवते आणि तो मुकाट्यानं खातो. वळत नाही. आण्णा उंबऱ्यापलीकडं उभे आहेत. स्वतःच्या घराच्या उंबऱ्यापलीकडं. आत येत नाहीत.

"या की आत," मी म्हणते.

"तो बसलाय तवर न्हाई."

माझा संताप उफाळून येतो. सासऱ्यांपुढं मी कधी आवाज चढवला नव्हता, आता चढवते. "आण्णा, असं कसं केलंत? तुमच्या भरवशावर सगळ्या गावाला सांगत फिरले मी! आण्णांनी डोळ्यांनी बघितलंय, आण्णांनी डोळ्यांनी बघितलंय! आणि तुम्हीच?"

"हिंदुराव माझ्या बरोबरीचा," आण्णा म्हणतात. "त्याची आय मांडवामागं नारळ घिऊन हुबी हुती. एक टॉवेल फिरीवला, एवढंच. मला वाटलं, पंच इचारतील. वस्ताद बोलतील. कोणतर बोलंलच की. मी काय, नुसता बघ्या."

"आणि कुणीच बोललं नाही."

"हिकडच्या अंगाला बसलेल्या समद्यांनी बघितलं. समदे घरी गेले. घरात पोरं वाट बघत हुती, आपला जिंकला काय म्हणून. काय सांगणार? जिंकला म्हणून सांगितलं. सांगता सांगता मग तसंच आठवाय लागलं."

"हिंदुरावांना माहीत होतं?"

"पैलवानाला पाठ लागलेली कळत न्हाई व्हय, पोरी? म्हणून तर लंगोट उतरीवला. म्हणून तर उन्हाळ्यात घोंगडी."

हातातलं पीठ माझ्या हातातच राहतं. घोंगडी. आम्ही बायका त्या घोंगडीवरून हसायचो.

"मला तरी सांगायचंत," मी म्हणते. आता मला रडू येतं. "इथंच बसून रोज सांगत होतात ना? प्रत्येक कुस्ती सांगितलीत. हीच तेवढी..."

"तू डाव इचारायचीस. मी काय सांगायचो?"

"धरला, फिरीवला, पाडला."

"कोण कुणाला, ते म्हणलो का? खोटा डाव कधी सांगितला का तुला?"

मी आठवून बघते. नाही. गावानं ढाक म्हटलं, कुणी एकचाक म्हटलं, आण्णांनी कधी कशालाच मान हलवली नाही.

"तेवढंच झालं माझ्याच्यानं," आण्णा म्हणतात. "आता त्या दगडावर माझं नाव घालू नको, सूनबाई. न्हवं, एक इनंती हाय. डोळ्यानं बघितलं म्हणून तर बिलकूल घालू नको."

"मग कुणाचं घालू? त्याचं नाव तरी सांगा!"

आण्णा खाली बघतात. उंबऱ्याला हात लावतात, आत येणार असं वाटतं, पण येत नाहीत.

"इसरलोय म्हणायचो न्हवं मी?"

"हो."

"न्हाई इसरलो. एक दिस न्हाई इसरलो. सातगोंडा."

पाटावरचा माणूस खायचा थांबतो. घास ताटात ठेवतो. त्याची मान हलते. आता तो वळणार, मला त्याचं तोंड दिसणार. आमच्या गावानं ज्याचं तोंड कधी पाहिलं नाही, नाव कधी घेतलं नाही, तो आता माझ्याकडं बघणार. मला त्याच्या नजरेची भीती वाटते. भाकरी करपल्याचा वास येतो. तवा उचलायला हवा. मी तवा उचलत नाही, वाट बघते.

"आई. आई, अहो उठा."

स्नेहल, माझी सून, माझ्या दंडाला हलवते आहे. पंखा डोक्यावर आहे. मोबाईल कानाखाली दबून गरम झाला आहे, काच काळी. दारातलं ऊन उतरलं आहे.

"ते आलेत. धैर्यशीलभाऊजी आणि पाथरवट. बाहेर बसवलंय," ती म्हणते. "घाम केवढा आलाय तुम्हाला. पाणी देऊ?"

मी हातानं रेटा देऊन उठून बसते. स्नेहल पाण्याला जायला वळते आणि तिथंच थांबते.

"आई, पाठीला काय लागलंय तुमच्या?"

"काय लागलंय?"

"माती आहे. तांबडी." ती वाकून बघते. "दोन्ही बाजूंना लागलीय, फऱ्यांवर. ओली आहे हो. कुठं टेकलात?"

मी मागं वळून फरशी बघते. फरशी लख्ख आहे, दुपारी पुसली होती तशी. मी खांद्यावरून हात मागं नेते, ब्लाऊजला बोटं लावते आणि नाकाशी आणते. ताक, हळद, लिंबू, कापूर. जागेपणी हा वास मी जन्मात घेतलेला नाही.

"थांबा, झटकते," स्नेहल म्हणते आणि हात उचलते.

"हात लावू नकोस!"

मी एवढ्या जोरात ओरडते की ती दचकून मागं सरते. बाहेरच्या खोलीतलं बोलणं थांबतं.

"झटकू नको," मी म्हणते. "पुसू नको. राहू दे तशीच."

मी उठते. मी भिंत धरत नाही, पाठ कशाला घासेल म्हणून. बाहेर धैर्यशील खुर्चीत बसला आहे, पाथरवट पेन्सिल कानावर लावून खाली. दोघं माझ्याकडं बघतात.

"काय झालं, काकू? डाव ठरला का? का घालू ढाक?"

"घिस्सा," मी म्हणते.

"बेस!" तो पाथरवटाकडं वळतो. "घे लिहून. हिंदुराव थोरवत पैलवान यांनी घिस्सा..."

"तसं नाही. सातगोंडा पैलवान यांनी. घिस्सा डावावर. हिंदुरावांना."

कानावरून काढलेली पेन्सिल पाथरवटाच्या हातात थांबते. धैर्यशील हसतो, मग हसायचा थांबतो. त्याचं तोंड मी पाहते आणि मला आत कुठंतरी तुटतं, कारण खांद्यांवरून मागं वळून पाहणारं तोंड हेच होतं. तेच भ्यालेलं तोंड. पोराचा काय दोष? पण त्याचाही काय दोष होता, तो सगळ्या मैदानाला पाठ दाखवत फिरला त्याचा?

"कोण सातगोंडा?" धैर्यशील विचारतो. "काकू, झोपेत हायसा काय? कुणी बघितलं असलं काय?"

मी पाठीवरचा पदर बाजूला करते आणि त्याच्याकडं पाठ करून उभी राहते.